व्याह्यांच्या पानातले अडै

बाटलीवरचं लेबल अख्खं होतं की अर्धं फाटलेलं, इथेच माझी आठवण अडखळते. फाटलेलं होतं, असं मी इतकी वर्षं स्वतःला सांगत आलो आहे. आणि एखादी गोष्ट स्वतःला पुन्हा पुन्हा सांगितली की ती आठवण आहे की नुसती समजूत, हे कळेनासं होतं. तेव्हा कुठे काही इकडचं तिकडे झालं तर सांभाळून घ्या. फजिती मात्र खरी आहे. तिला साक्षीदार आहेत.

चहा घेतलात ना? मग ऐका.

मी रसायनशास्त्राचा निवृत्त प्राध्यापक. पीएच.डी. आहे, आणि तीही अशा विषयात की तो नुसता सांगायला घेतला तरी समोरचा माणूस घाईघाईने चहा संपवून उठतो. आमचं घर डिचोलीत. मुलगा निखिल वास्कोला, बंदराशी संबंधित एका कचेरीत नोकरीला. तिथेच त्याला अभिरामी भेटली. मदुराईची मुलगी. त्यांनी एकमेकांना पसंत केलं, आम्ही तिला पसंत केलं, राहता राहिले तिचे आईवडील. ते आमच्याकडे येणार होते. मुलगा त्यांनी पाहिलेला होता. आता घर पाहायचं होतं, म्हणजे खरं तर मला आणि हिला.

निखिलचा फोन आला. "बाबा, त्यांचं हो की नाही ते या भेटीवर ठरणार. अप्पांच्या मनाविरुद्ध अभिरामी लग्न करणार नाही. तुम्ही टेन्शन घेऊ नका. नेहमीसारखे राहा."

"नेहमीसारखा म्हणजे कसा?"

त्याने नेहमीचा मी आठवून पाहिला असावा. मग म्हणाला, "नको. आईसारखे राहा."

आता सांगा, अशा फोननंतर माणसाला झोप कशी लागेल?

पाहुणे सकाळी वास्कोहून निघून न्याहारीला आमच्याकडे पोहोचणार होते. हिचा बेत तयार होता. पोदेराकडचे गरम उंडे, पातळ भाजी, केळी. पोदेर म्हणजे पाववाला आणि उंडे म्हणजे आमच्याकडचे कडक पाव. पण मला ते काही पटेना. वाटलं, माणसं इतक्या लांबून आली आणि आपण त्यांच्यापुढे पाव ठेवला? त्यांच्याकडचं काहीतरी केलं पाहिजे. आणि ते मीच केलं पाहिजे, म्हणजे या घरात पुरुषही चुलीशी उभे राहतात हे त्यांना दिसेल.

"अहो," ही म्हणाली, "ते आपल्याकडचं खायला येतात. त्यांच्याकडचं त्यांना त्यांच्या घरी मिळतं."

"अडै करतो."

"ते कितें?"

"डाळींचा डोसा. चार डाळी, तांदूळ, सुक्या मिरच्या, हिंग. अभिरामी म्हणाली होती, तिच्या वडिलांना फार आवडतो."

"मग करा कितें जाय तें. भांडी तेवढी घासून ठेवा."

मोबाईलवर एक बाई अडै करताना सापडल्या. बोलत होत्या तमिळमध्ये. मला एक अक्षर कळत नव्हतं, पण हात तर दिसत होते. डाळी भिजवल्या, वाटल्या, आणि पुढच्या क्षणी तव्यावर घातल्या. वाटण आणि तवा यांच्या मध्ये काहीच नव्हतं. मी गृहीत धरलं की मध्ये एक रात्र गेली असणार. व्हिडिओत रात्र कोण दाखवत बसतो?

तेव्हा मी आदल्या दिवशी दुपारीच डाळी वाटून ठेवल्या. संध्याकाळच्या चहाला झाकण काढून पाहिलं, पीठ होतं तिथेच. बुडबुडा नाही, वास नाही. ते थंडपणे माझ्याकडे बघत होतं आणि मी त्याच्याकडे. इतक्या वर्षांत मी पोरांना किण्वन शिकवलं, आणि माझ्या स्वतःच्या घरात ते व्हायला तयार नव्हतं.

आणि इथे मी ते केलं, जे डिचोलीतल्या कोणत्याही माणसाने डोळे झाकून केलं असतं. मी सूर आणायला गेलो.

सूर म्हणजे माडाचा रस. माडाच्या पोईतून, म्हणजे फुलोऱ्यातून काढतात, रेंदेर काढतो. आमच्याकडे सान्नां करायची तर पिठात सूर हवीच. सान्नां म्हणजे इडलीची आमची चुलत बहीण समजा. सूर पिणारे पितात, नाही असं नाही. पण मी आयुष्यात दारूचा थेंब चाखलेला नव्हता आणि तरीही सूर मला कधी दारू वाटली नव्हती. ती आमच्यासाठी खायच्या सोड्यासारखी स्वयंपाकघरातली वस्तू. पीठ फुगत नाही? सूर घाला.

पुरसो रेंदेर नुकताच माडावरून उतरला होता.

"सर, तुमी? सूर?" त्याने मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "बरे आसात मू?"

"पिठात घालायला रे."

"तशें सांगा. पावणे येतात?"

"व्याही. म्हणजे अजून झाले नाहीत. उद्या ठरणार."

"मग ताजी घ्या. पण उरली ती सकाळपर्यंत ठेवू नकात हां. रातीत खर जाता ती, कडक."

त्याने एक रिकामी बाटली विसळली आणि भरून दिली. व्हिस्कीची बाटली होती. त्यात काही विशेष नाही. आमच्याकडे खोबरेल, व्हिनेगर, फिनेल सगळं जुन्या दारूच्या बाटल्यांतच सुखाने नांदतं. बाटलीकडे बाटली म्हणून कोणी बघतच नाही.

घरी येऊन अर्धी पिठात ओतली. उरलेली स्वयंपाकघरातल्या जनेलावर ठेवली, म्हणजे खिडकीच्या कट्ट्यावर. ठेवू नको म्हणून पुरसोने बजावलं होतं ते विसरलो, कारण माझं सगळं लक्ष पिठात. हिला दाखवलं.

"मगे," ही समाधानाने म्हणाली, "आता फुगेल."

बघा हं, हिलाही काही वावगं वाटलं नाही. हे मी स्वतःच्या बचावासाठी सांगत नाही. म्हणजे, थोडंसं त्यासाठीही.

सकाळी उठून स्वयंपाकघरात गेलो आणि दारातच थबकलो. पिठाने झाकण वर उचलून बाजूला सारलं होतं. ते भांड्याच्या काठावरून उतरून ओट्यावर आलं होतं आणि तिथून सावकाश देवघराच्या दिशेने निघालं होतं. बारीक बुडबुडे फुटत होते, जणू भांड्यात कोणी श्वास घेत होतं. आंबूस, गोडसर वास भरून राहिला होता. प्रयोगशाळेत आयुष्य गेलं, पण मी असं काही पाहिलं नव्हतं. खरं सांगतो, माझे हात आपोआप जोडले गेले.

"देव तिकडे आहेत," मागून ही म्हणाली. "आधी ओटा पुसा."

पाहुणे आले. अभिरामीचे अप्पा उंच, ताठ, पांढरीशुभ्र वेष्टी, म्हणजे तिकडचं धोतर, नेसलेले, कपाळावर भस्माचे पट्टे. एखाद्या देवळाचा खांब चालत यावा तसे ते आत आले. मी नमस्कार केला तेव्हा माझे हात कापत होते. ते माझे नेहमीच कापतात, पण त्यांना काय माहीत? डोळे लाल होते, कारण झोप नव्हती आणि मिरच्या मी हाताने मोडल्या होत्या. तिची आई ठेंगणी, हसरी, पण नजर अशी की घरातली कुठली वाटी कुठे आहे ते एका दमात टिपून घेईल. आमचं बोलणं इंग्रजीत आणि मोडक्या हिंदीत चाललं होतं. मी तुम्हाला मराठीत सांगतो.

मी तव्याशी उभा राहिलो, दारातून समोरच पाहुण्यांची पानं दिसत होती. अडै मधोमध भोक पाडून, भोकात तेल सोडून भाजायचा असतो. माझा अडै जाड झाला, पण हलका, जाळीदार, मधमाश्यांच्या पोळ्यासारखा. बरोबर लोणी आणि माडाचा काळा गूळ. अप्पांनी घास घेतला. डोळे मिटले. मी श्वास रोखून धरला.

"असा अडै," ते हळूच म्हणाले, "मी जन्मात खाल्ला नाही."

मला वाटलं, झालं, लग्न ठरलं.

त्यांनी दुसराही संपवला. तिसऱ्याचा तुकडा मोडता मोडता सहज विचारलं, "येताना एक माणूस माडावर चढताना दिसला. कमरेला भोपळ्याचं भांडं होतं. काय काढतात ते?"

"सूर," मी अभिमानाने म्हणालो.

"म्हणजे ताडी?"

"हो, तसंच म्हणा."

त्यांनी तुकडा पानात ठेवला. "माझ्या वडिलांनी ताडीत सगळं घालवलं. शेत, घर, आईचं आयुष्य. त्यांच्या चितेसमोर मी शपथ घेतली. ताडीचा किंवा दारूचा थेंब माझ्या जिभेला लागणार नाही. आणि ज्या घरात ती बाटली येते, त्या घरात माझी मुलगी जाणार नाही." मग हसून म्हणाले, "तुमच्याकडे तसं काही नाही, ते अभिरामीने सांगितलंय. म्हणून तर आलो." आणि तो तुकडा तोंडात टाकला.

माझ्या हातातलं उलथनं तव्यावर पडलं.

अडैमध्ये सूर. पोटात अडै. पोट अप्पांचं. आणि बाटली? बाटली जनेलावर, उजेडात, सगळ्यांना दिसेल अशी.

ही तत्परतेने माझ्याजवळ आली आणि ओठ न हलवता कोंकणीत पुटपुटली, "उगी रावात, गप्प. पिठातली तव्यावर उडाली."

"सगळी उडत नाही," मीही पुटपुटलो. "थोडा अंश राहतो."

"तुमची केमिस्ट्री आता नाका."

"अजून एक चालेल," बाहेरून अप्पा म्हणाले.

"नाही," मी म्हणालो.

सगळे माझ्याकडे बघायला लागले. निखिलचा घास हातातच राहिला.

"म्हणजे, डाळी पचायला जड असतात," मी म्हणालो. "आपल्या वयात."

"माझं पोट अजून तरुण आहे," अप्पा म्हणाले.

"पाव घ्या. पोदेर येईल इतक्यात."

"पाव?" त्यांनी तो शब्द असा उच्चारला, जणू मी त्यांना चप्पल खायला सांगितली होती.

तोवर ते स्वतः उठून, पान घेऊन स्वयंपाकघराच्या दारात आले होते. तव्यावर एक तयार अडै होता. मी तो उचलला आणि सरळ स्वतःच्या तोंडात कोंबला. गरम होता. डोळ्यांत पाणी आलं. बाजूच्या ताटलीत आणखी काही होते. तेही मी एकामागून एक, उभ्या उभ्या संपवले. यजमान पाहुण्याच्या पुढ्यात अडै गिळतोय आणि पाहुणा रिकामं पान घेऊन उभा आहे, असा देखावा तुम्ही कधी पाहिलाय?

"बाबा," निखिल म्हणाला, "काय चाललंय?"

"चव बघतो आहे," मी भरल्या तोंडाने म्हणालो.

आता विहीणबाईंना राहवेना. पुरुषमाणूस चुलीशी गोंधळला आहे, आपण मदत करावी, असा त्यांचा सरळ हेतू. पदर खोचून त्या आत आल्या, पिठाच्या भांड्यात डोकावल्या आणि चकित झाल्या.

"इतकं फुगलेलं? अडैचं पीठ आम्ही फुगवत नाही. वाटायचं की लगेच तव्यावर घालायचं. यात तुम्ही काय घातलंत?"

म्हणजे व्हिडिओत रात्र नव्हतीच. सुरेची गरजच नव्हती. हे मला कधी कळावं? त्या क्षणी.

"हवा," मी म्हणालो. "डिचोलीची हवा अशीच आहे."

"घट्ट झालंय. जरा पातळ करू." आणि इकडे तिकडे बघत त्यांची नजर जनेलावर गेली. बाटलीतलं ते पांढुरकं पाणी उन्हात चमकत होतं. "शहाळ्याचं पाणी? उत्तम. तेच घालते."

त्यांचा हात पुढे झाला. अप्पा दारात पान घेऊन उभे. पुन्हा पिठात, पुन्हा अडैमध्ये, पुन्हा त्यांच्या जिभेवर. आणि त्याआधी बूच निघालं असतं आणि वास आला असता. मला विचार करायला वेळ होता का? बाटली लपवायची कुठे? मोरीत ओतली तर वास घरभर.

मी झडप घालून बाटली उचलली, बूच काढलं, तोंडाला लावली आणि सगळी पिऊन टाकली.

रात्रभर ठेवलेली सूर म्हणजे काय, हे पुरसोने मला सांगितलं होतं. ती घशातून उतरली नाही, ती आत शिरली. मान मागे, डोळे छताला, बाटली उभी. विहीणबाई माझ्यासमोर. लेबल त्यांच्या बाजूला. ते फाटलेलं होतं, असं मला वाटतं, हे मी आधी बोललोच.

रिकामी बाटली मी ओट्यावर ठेवली. मग मला उचकी लागली.

त्यानंतरचं मला तुकड्यांतुकड्यांत आठवतं. कान तापले. जीभ सैल झाली. माझी भीती कुठे गेली ते मला कळेना. मी अप्पांच्या शेजारी जाऊन बसलो, त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि माझ्या पीएच.डी.चा विषय पहिल्यापासून शेवटपर्यंत सांगितला. आणि ते गृहस्थ उठले नाहीत. माझ्याकडे एकटक बघत, शांतपणे, सगळं ऐकत राहिले. असा श्रोता मला विद्यापीठातही मिळाला नव्हता. मी भारावून गेलो. बहुधा रडलोही.

मग ते सगळे नार्व्याला देवदर्शनाला गेले. मी कॉटवर पडून राहिलो. ही उशाशी येऊन बसली. ओरडली नाही, हे जास्त वाईट.

"गेलं ना?" मी विचारलं.

"निखिलचं तोंड पाहिलंत?" ती एवढंच म्हणाली.

पोराचं लग्न मी माझ्या हातांनी मोडलं होतं. सगळं आयुष्य कशाला हात लावायचा तर आधी घाबरलो, आणि एकदाच न घाबरता काही केलं तर ते हे.

दुपारी गाडी परत आली. अप्पा एकटेच आत आले. मी धडपडत उठलो. त्यांनी माझे दोन्ही कापणारे हात आपल्या हातांत घेतले आणि बराच वेळ तसेच धरून ठेवले.

"लग्न मदुराईला करू या का?" त्यांनी विचारलं. "आमच्याकडे खूप माणसं आहेत."

ते हो का म्हणाले? मला विचारायचा धीर झाला नाही. मिळालेलं उत्तर पुन्हा तपासायला गेलं की बदलतं, असा माझा अनुभव.

लग्न झालं. वर्षं गेली. आम्ही मदुराईला जात राहिलो आणि तिथे माझं जे काही होई, त्याने मी थक्क होई. सकाळी उठलो की विहीणबाई न मागता लिंबाचं सरबत आणून देत. संध्याकाळ झाली की अप्पा माझा हात धरून फिरायला नेत आणि काही ठरावीक दुकानांपुढून फार भरभर चालत. नातेवाइकांशी ओळख करून देताना ते हळू आवाजात काहीतरी सांगत आणि ती माणसं हात जोडून माझ्याकडे बघत. एका म्हातारीने तर माझ्या पायांना हात लावला. मला वाटायचं, तमिळ लोकांना विद्वत्तेचा केवढा आदर.

गेल्या पावसाळ्यात मला खोकला झाला. अभिरामी औषध घेऊन आली, पण देण्याआधी बाटलीवरचं बारीक अक्षर वाचत बसली.

"काय बघतेस?"

"यात अल्कोहोल नाही ना, ते." मग माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाली, "बाबा, अप्पांना तुमचा किती अभिमान वाटतो, माहीत आहे? एका दिवसात सोडलीत. आणि परत कधी शिवला नाहीत. निखिललाही आधी कधी कळू दिलं नव्हतंत."

"काय सोडली?"

हळूहळू सगळं बाहेर आलं. कापणारे हात, लाल डोळे, सकाळच्या वेळी रिकामी केलेली बाटली. नार्व्याच्या देवळात विहीणबाईंनी नवऱ्याला सगळं सांगितलं आणि म्हणाल्या, चला, परत जाऊ. अप्पा बराच वेळ देवासमोर बसून राहिले. मग म्हणाले, "माझे वडील बाटलीपुढे कधी लाजले नाहीत. हा माणूस माझी शपथ ऐकून थरथरला. मला त्याच्या ताटातलं काही खाऊ देईना, स्वतःला इतका अपवित्र समजत होता. मग माझ्यासमोर उरलेली संपवली. ती शेवटची होती, मी त्याच्या डोळ्यांत पाहिलं. ज्याला एवढी लाज आहे, त्याच्या घरात माझी मुलगी सुखी राहील."

म्हणजे त्या माणसाने मला पक्का दारुडा समजून आपली एकुलती एक मुलगी आमच्या घरात दिली. आयुष्यभर जपलेल्या शपथेचा अर्धा भाग त्याने माझ्यासाठी सोडला. मी खोकायचंही विसरलो. एवढं मोठं मन कुठून आणतात माणसं?

"अगं, पण मी कधीच पीत नव्हतो," मी म्हणालो. "ती फक्त त्या—"

आणि थांबलो. फक्त त्या काय? फक्त त्या अडैमध्ये घातली होती? जे अप्पांनी डोळे मिटून खाल्ले, आणि ज्यांची आठवण अजून काढतात?

"फक्त त्या काय, बाबा?"

"फक्त त्या दिवसापर्यंत," मी म्हणालो.

हे तुमच्यातच ठेवा. तमिळ येणारं कोणी नाही ना इथे? अप्पा आता ऐंशीच्या घरात आहेत, शपथ पाळल्याच्या समाधानात आहेत. शपथेचा एक भाग त्यांनी माझ्यासाठी मोडला, तर दुसरा मोडल्याचं मी त्यांना कळू देणार नाही. ही ऐकून पोट धरून हसली. "राहा आता असेच," म्हणाली, "सुटलेले बेवडे."

आणि हो, त्या लेबलाचं. यंदा मदुराईला गेलो तेव्हा सरबताचा पेला हातात घेऊन, धीर करून विहीणबाईंना विचारलं. अख्खं होतं. त्यांनी मला ते ब्रँडच्या नावापासून 'आरोग्यास हानिकारक'पर्यंत तोंडपाठ म्हणून दाखवलं.